बिलांचा प्रोग्राम उघडेना (सोसायटी ग्रुप, फोंडा)

खजिनदार, ए-१०२ : नमस्कार मंडळी. मेंटेनन्सची बिलं या खेपेला उशिरा येतील. ऑफिसच्या नव्या लॅपटॉपवर बिलांचा प्रोग्राम उघडतच नाही. क्लिक केलं की चौकट येते, एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नाही म्हणते. कुणाला यातलं कळतं का?

सी-२०१ काकू : म्हणजे चवथीआधी बिल नाही? बरंच झालं की. गणपतीवर टांगायच्या माटोळीच्या सामानाचे भाव बघितलेत का?

बी-००४ : फॉरमॅट मारा. विषय संपला.

ए-३०३ : फॉरमॅट कशाला? ती फाइल नेटवर फुकट मिळते. डाउनलोड करून प्रोग्रामच्या फोल्डरात टाका. लिंक पाठवतो.

खजिनदार, ए-१०२ : टाकली. आता चौकट बदलली. शेवटी ७बी असलेला कसलातरी लांबलचक एरर नंबर येतोय.

बी-३०४ : काका, थांबा. ती फाइल आधी काढा, अँटिव्हायरस एकदा पूर्ण फिरवा. आणि त्या लिंकवर बाकी कुणी जाऊ नका. फाइल कुणी चढवली, आत काय घुसवलंय, कुणाला ठाऊक? सोसायटीचं बँकेचं लॉगिन त्याच लॅपटॉपवरून होतं ना?

खजिनदार, ए-१०२ : हो. काढली. पण ही डीएलएल म्हणजे आहे तरी काय?

बी-३०४ : बऱ्याच प्रोग्रामना लागणारा तयार कोड. वॉचमनच्या केबिनमागे एकच शिडी आहे आणि बल्ब बदलायला सगळे तीच नेतात, तसं. प्रोग्राम ती जागेवर असणार हे धरूनच चालतो. तुमची फाइल मायक्रोसॉफ्टच्या ‘व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल’ या पॅकेजातली. कुठलं पॅकेज ते नावातल्या आकड्यावरून कळतं. १०० असेल तर २०१० चं, १२० असेल तर २०१३ चं. १४० म्हणजे २०१५ पासून पुढची, त्या सगळ्यांना एकच पॅकेज चालतं. त्यातली एकटी फाइल उचलून आणली तर पुढच्या वेळी तिची जोडीदार व्हीसीरनटाइम१४० मागेल.

बरं, प्रोग्राम नव्या लॅपटॉपवर आणलात कसा?

खजिनदार, ए-१०२ : पेनड्राइव्हने. जुन्या मशीनवरचा अख्खा फोल्डर उचलला. काही सुटलं नाही.

बी-३०४ : फोल्डरातलं सुटलं नाही, पण हे पॅकेज त्या फोल्डरात नव्हतंच. सेटअप चालवला की तो ते विंडोजच्या फोल्डरात नेऊन बसवतो. कॉपी-पेस्टने ते येत नाही. सेटअप आहे का तुमच्याकडे?

खजिनदार, ए-१०२ : प्रोग्राम ज्याने विकला त्याच्याकडे असेल. तो फोन उचलत नाही.

बी-३०४ : मग पॅकेज थेट मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून घ्या. फुकट आहे.

ए-३०३ : रेजसर्व्हर३२ ही कमांड मारली तर? नाहीतर एसएफसी स्कॅननाऊ?

बी-३०४ : दोन्हीचा इथे उपयोग नाही. एसएफसी विंडोजच्या स्वतःच्या फाइली दुरुस्त करतो, ही त्यातली नव्हे. आणि रेजसर्व्हर फक्त आधीच असलेल्या फाइलची विंडोजकडे नोंद करतो, नसलेली कुठून आणणार?

सी-१०३ : आमच्या विंगची लाईट गेली. तुमच्याकडे आहे?

सी-२०१ काकू : नाही. पाऊस बघा की बाहेर.

खजिनदार, ए-१०२ : बॅटरीवर चालवतोय. लॅपटॉप ६४ बिटचा म्हणून एक्स६४ वालं पॅकेज घातलं. परत पहिलीच चौकट.

बी-३०४ : लॅपटॉप नाही हो, प्रोग्राम किती बिटचा ते बघायचं. जुन्या मशीनवर तो ‘प्रोग्राम फाइल्स एक्स८६’मध्ये होता?

खजिनदार, ए-१०२ : हो, तिथेच.

बी-३०४ : मग तो बहुतेक ३२ बिटचा. एक्स८६ वालं, म्हणजे ३२ बिटचं पॅकेज घाला. एक्स६४ राहू दे, दोन्ही शेजारी शेजारी नांदतात. मघाचा ७बी एररही त्यातलाच असणार. ३२ बिट प्रोग्रामच्या हाती ६४ ची फाइल आली की तो येतो. गंमत म्हणजे ६४ बिट विंडोजवर ६४ च्या फाइली ‘सिस्टम३२’मध्ये असतात आणि ३२ च्या ‘सिसवाऊ६४’मध्ये. ही नावं ठेवणाऱ्याला चवथीच्या नेवऱ्या देऊ नयेत.

खजिनदार, ए-१०२ : उघडला! जुनी थकबाकीसुद्धा दिसतेय सगळी. देव बरें करूं गो बाय.

सी-२०१ काकू : थकबाकी दिसली नसती तरी चाललं असतं.

सी-१०३ : बाय, आमचा मुलगा फर्मागुडीला इंजिनिअरिंगला आहे, त्याच्याकडे उबुंटू. त्याचंही असंच काहीतरी, लिबएसएसएल.एसओ.१.१ नाही म्हणते. त्यालाही हेच पॅकेज घालायला सांगू?

बी-३०४ : नको, ते विंडोजचं. उबुंटू म्हणजे लिनक्स, तिथे अशा फाइलींच्या नावात एसओ असतं. लिबएसएसएल ही ओपनएसएसएलची, म्हणजे इंटरनेटवरची देवघेव गुप्त ठेवणाऱ्या कोडची फाइल. उबुंटू २२.०४ मध्ये त्याची ३ आवृत्ती आली, १.१ गेली. त्याचा प्रोग्राम जुना, तो अजून १.१ मागतोय. नव्या उबुंटूसाठी बनवलेली त्या प्रोग्रामची आवृत्ती मिळते का बघायला सांगा.

सी-१०३ : तो म्हणतो, ३ वाल्या फाइललाच १.१ नाव देतो.

बी-३०४ : अजिबात नको. नाव बदलून आतला कोड बदलत नाही. त्यापेक्षा टर्मिनलमध्ये (कमांड टाइप करायच्या खिडकीत) एलडीडी लिहून पुढे प्रोग्रामचा पूर्ण पाथ द्यायला सांगा. ज्या ज्या ओळीपुढे ‘नॉट फाउंड’ येईल तिचा फोटो मला पाठवू दे. एक नसेल, तर आणखीही काही नसतील.

सी-१०३ : लाईट आली की सांगते त्याला.