भाड्यानं राहणाऱ्यानं पत्त्याचा पुरावा आणायचा कुठनं?

पूर्वभागवाली
सोलापुरात अशोक चौकाच्या मागं सात वर्षं भाड्यानं राहतोय. लाईट बिल मालकाच्या नावावर, घरपट्टी मालकाची. परवा एका बँकेत खातं काढायला गेले तर आधारवर अजून माहेरचा अक्कलकोटचा पत्ता, साहेबांनी फॉर्म परत सरकवला, म्हणले इथल्या पत्त्याचं काहीतरी आणा. काहीतरी म्हणजे काय ओ? घर सगळं उलथंपालथं केलं तर इथला पत्ता असलेला एकच कागद निघाला, पोराच्या शाळेचा, त्यावर पण घर नंबर २१४ च्या जागी २४१. माझं म्हणणं सरळ आहे, जो राहतो त्याचा शब्द धरा, शेजारच्या दोघांच्या सह्या घ्या, खोटं निघालं तर करा की केस.

जुनामालक
ताई, राग मानू नका पण आमच्या दोन खोल्या भाड्यानं असतात. एक भाडेकरू आमचा पत्ता लावून गाडी घेऊन गेला, खोली सोडून दीड वर्ष झालं तरी फायनान्सवाले सकाळी मी दात घासत असतानाच दारात उभे. तेव्हापासून करार नाही की बिलाची झेरॉक्स नाही. शेजाऱ्याच्या सहीवर पत्ता मिळायला लागला तर आमच्या घरावर किती जण राहतात ते आम्हालाच कळणार नाही.

शेंगाचटणी
काका, करार न करून तुम्ही सुटत नाही, उलट अडकताय. भाडे नियंत्रण कायदा १९९९, कलम ५५ बघा. करार लेखी पाहिजे, नोंदवलेला पाहिजे, आणि ती जबाबदारी मालकाची. नसेल तर भाड्याच्या अटी भाडेकरू सांगेल त्या खऱ्या धरतात, वर मालकाला ३ महिन्यांपर्यंत कैद किंवा ५ हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही.

जुनामालक
कायदा माहितीय हो. स्टॅम्प, नोंदणी, एजंट मिळून जातंय ते कुणाच्या खिशातनं? भाडं येतंय तीन हजार.

सेतूवाला
रोज हेच काम करतो म्हणून बोलतो. शेजाऱ्याच्या सहीला माझा विरोध, एकाच पानटपरीवाल्याची सही वीस फॉर्मवर बघितलीय मी. पण ताईंना बँकेनं परत पाठवलं ते चूकच. आधारवरनं ई-केवायसी करताना सध्याचा पत्ता वेगळा असेल तर स्वतः लिहून दिलेलं चालतं, रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. आणि २०२३ पासून घरच्या प्रमुखाच्या आधारावर पण पत्ता बदलतो, नवऱ्याचं आधार इथलं असेल तर त्यांनी ३० दिवसांत ऑनलाईन होकार द्यायचा, झालं.

दुसरं, लोक रहिवास आणि अधिवास, म्हणजे डोमिसाईल, एकच समजतात. अधिवासाला १५ वर्षं महाराष्ट्रात राहिल्याचं दाखवावं लागतं, आणि आधार कायद्यातच लिहिलंय की नुसतं आधार म्हणजे अधिवासाचा पुरावा नाही. २०२४ ला लाडक्या बहिणीच्या वेळी बायका उन्हापावसात त्याच दाखल्यासाठी रांगेत, मग सरकारनं १५ वर्षांपूर्वीचं रेशन कार्ड, मतदान कार्ड, शाळेचा दाखला, जन्माचा दाखला यातलं काहीही चालेल केलं. मग आधी का नाही चाललं, हे विचारायचं नाही.

पूर्वभागवाली
नवऱ्याचं आधार त्यांच्या गावाकडचं आहे, दादा. नियम काउंटरवर सांगितला तर साहेब म्हणतात आम्हाला शिकवू नका.

कुंभारीकर
घर स्वतःचं असलं की सुटलं असं वाटतंय होय तुम्हाला? आई विड्या वळती, कुंभारीत कामगारांच्या रे नगर वसाहतीत घर मिळालं, जानेवारी २०२४ ला पंतप्रधान येऊन पंधरा हजार घरं दिली त्यातलंच. पण कुंभारी म्हणजे दक्षिण सोलापूर तालुका. आधार, रेशन, मतदान सगळ्यावर जुन्या पेठेचा पत्ता, सगळं परत पहिल्यापासनं. एका दिवसाचं काम बुडलं की तेवढ्या विड्या कमी, मजुरी कमी. मतदानासाठी फॉर्म ८ भरला, बाकीचं पिशवीत तसंच पडलंय.

जुनामालक
बरं, निम्मा खर्च मी घालतो, ११ महिन्यांचा करार नोंदवून देतो, त्यावर आधार बदलून घ्या. पण खोली सोडली की आठ दिवसांत पत्ता हलवायचा, हे करारात लिहायचं.

पूर्वभागवाली
तुमच्यासारखं निम्मा घालणारा आमचा मालक पाहिजे होता. पण आठ दिवस नाही ओ जमत काका, नव्या मालकाला करारासाठी राजी करण्यातच तीन महिने जातात.

जुनामालक
मग तीन महिने फायनान्सवाल्यांना चहा कोण पाजणार?