मामाच्या सुपर 8 रिळांतून फक्त मामी ठेवली तर?

रिळवाली:
मामा गेल्यावर माळ्यावर सुपर 8 ची, म्हणजे 8 मिमीच्या घरगुती फिल्मची, अकरा रिळं सापडली. 50 फुटांचं एकेक, जेमतेम तीन-सव्वातीन मिनिटांचं. मुंजी, गणपती, पन्हाळ्याची सहल. मामीला त्याने मुद्दाम कधीच टिपलं नाही. ती कडेने ताट घेऊन जाते, पदर सावरते, चौकटीबाहेर होते. नऊ रिळं स्कॅन करून मी फक्त मामीचे तुकडे जोडले. साडेचार मिनिटं भरली. बहीण म्हणते, यात गोष्टच नाही, निवेदन घाल. घालू का? उरलेल्या दोन रिळांना आंबूस वास येतोय.

जुना_संकलक:
निवेदन अजिबात नको. 1931 च्या 'ईस्ट ऑफ बोर्निओ' या जंगलपटाची प्रिंट अमेरिकन कलाकार जोसेफ कॉर्नेलने कापली आणि जवळजवळ फक्त नायिका ठेवली. तिचं वळणं, दचकणं, कोणाकडे तरी बघत राहणं. 1936 मध्ये न्यूयॉर्कच्या एका गॅलरीत दाखवली ती निळ्या काचेतून, संवाद बंद करून, ब्राझिली संगीताची तबकडी लावून. नाव दिलं त्या नटीचंच, 'रोझ होबार्ट'. कथानक निघून गेल्यावर ती बाई दिसायला लागते. तुमची मामी तशीच दिसेल.

आणखी एक, कॉर्नेलने गती मूकपटाची ठेवली होती. तुमच्या स्कॅनची गती बघा. सुपर 8 साधारण सेकंदाला 18 फ्रेमवर चित्रित होते. 24 वर चालवली तर मामी तुरुतुरु पळेल.

लालदिवा:
आधी वासाचं बघा! फिल्मचा ॲसिटेटचा (एक प्लास्टिक) पाया विघटित होऊन त्यातून ॲसेटिक ॲसिड सुटतंय. ती दोन रिळं आजच बाकीच्यांपासून वेगळी करा, थंड कोरड्या जागी ठेवा. प्रोजेक्टरवर तर चढवूच नका, आकसलेली फिल्म दात्यांवर फाटते. दात्यांऐवजी रोलरवर फिल्म ओढणारा स्कॅनर शोधा.

आणि रिळांच्या टोकांना प्रकाश शिरून पांढरं झालेलं असेल, ते छाटू नका. ऑस्ट्रियन प्रयोगशील चित्रपटकार पीटर चेरकास्कीच्या 'आउटर स्पेस'मध्ये (1999) फिल्मची भोकं आणि ध्वनिपट्टी चौकटीत घुसतात, नटीच्या अंगावर येतात. डार्करूममध्ये हाताने केलेलं काम आहे ते. मामाच्या हातातली फिल्मही दिसू दे.

रिळवाली:
गती 24 च होती. 18 केली, साडेचारची सहा मिनिटं झाली. गणपतीच्या रिळात मामी नुसती मान हलवते असं वाटायचं. ती मामाकडे बघून काहीतरी बोलतेय! चार वेळा बघितलं, शब्द कळत नाहीत. तो तुकडा अख्खा ठेवतेय, निवेदन नाही. वासाची रिळं वेगळ्या डब्यात काढली. रोलरवाला स्कॅनर पुण्यात कोणाकडे आहे का?