जक्कय कुठल्या झाडावर चढला, उंबर की चिनार?

केतकीपान: मुलांच्या पुस्तकाचा इंग्रजीवरून अनुवाद करतेय, त्यात लूकच्या शुभवर्तमानातली जक्कयची गोष्ट आहे. यरीहोतला तो बुटका जकातदार, गर्दीत येशू दिसेना म्हणून पुढे पळत जाऊन 'सिकॅमोर'वर चढतो. मी उंबर लिहिलं, चर्चमध्ये लहानपणापासून तेच ऐकलंय आणि मराठी बायबलातही उंबरच आहे. तपासणाऱ्यांनी खोडून चिनार केलं, डिक्शनरीत तसं आहे म्हणे. काय ठेवू?

रानवेडा: चिनार अजिबात नको!! अमेरिकेत सिकॅमोर म्हणतात ते चिनाराच्या जातीतलं, इंग्लंडात त्याच नावाने मेपलची एक जात ओळखतात, आणि बायबलातल्या झाडाचा या दोघांशी काही संबंध नाही. ते फायकस सायकोमोरस. आपला उंबर फायकस रेसिमोसा, दोघं जवळचे भाऊबंद, दोघांची फळं थेट खोडाला नि जाड फांद्यांना लगडतात. शिवाय तिकडच्या झाडाला फांद्या अगदी खालून फुटतात, बुटका माणूस सहज चढेल. भाषांतर करणाऱ्यांनी विचार करूनच उंबर घेतलाय.

शब्दवेल्हाळ: उंबर बोलीतला शब्द झाला, धर्मग्रंथातल्या गोष्टीत औदुंबर शोभेल.

केतकीपान: औदुंबर म्हटलं की पोरांना दत्त आणि नरसोबाची वाडी आठवणार, यरीहो कुठून आठवेल?

जुनीपोथी: आणि शुद्धच हवं असेल तर संस्कृतात झाड उदुंबर, औदुंबर म्हणजे उंबराचं किंवा उंबराच्या लाकडाचं. मराठीत आपण ते झाडालाच लावलं आणि ते रुळलं, मग उंबर रुळलाय त्यालाच तेवढं नाक का मुरडायचं?

शब्दवेल्हाळ: रुळलं म्हणून सगळंच चालवायचं तर उद्या सिकॅमोरच लिहा की.

तात्यामाळी: माझ्या मते ते झाड उंबर नाहीच, नुसता उंबर लिहिणं पण पूर्ण बरोबर नाही. संदेष्टा आमोस स्वतःला गुराखी नि या झाडांची निगा राखणारा म्हणवतो, ती निगा म्हणजे फळाला चीर पाडायची. तिकडे परागण करणारं चिलटच नाही, चीर पाडली की फळ तीनचार दिवसांत फुगून पिकतं. आपल्याकडे कोण उंबराला चिरा पाडत बसतं? आमच्या आजोळी उंबर फोडायचो, उन्हात धरायचो, चिलटं उडून गेली की तोंडात. रानअंजीर लिहा.

रानवेडा: तात्या, रानअंजीर म्हटलं तर निम्मे लोक वेगळंच झुडूप समजतील. एजोबाचं, म्हणजे बायबलातल्या त्या सुवासिक झुडपाचं काय झालं बघा, हिब्रू शब्द तसाच ठेवला, स्तोत्रात रोज म्हणतात पण डोळ्यासमोर काहीच येत नाही. गंधसरूचं पण तेच, लबानोनचं ते झाड आपल्या देवदाराचं सख्खं भावंड, देवदार लिहिलं असतं तर निदान हिमालय आठवला असता.

जुनीपोथी: थोडं अवांतर, उंबरठा उंबरापासूनच ना? चौकटीचं खालचं लाकूड उंबराचं असायचं असं आजी सांगायची.

शब्दवेल्हाळ: ही लोककथा वाटते, उंबराचं लाकूड हलकं, कुजतं लवकर. ज्यावर सगळ्यांचे पाय पडतात तिथे सागच लावणार.

जुनीपोथी: सहाव्या शतकातल्या वराहमिहिराच्या बृहत्संहितेत दाराच्या आडव्या लाकडाला उदुंबर म्हटलंय, खालच्याही नि वरच्याही. म्हणजे लोककथा असली तरी चांगलीच जुनी.

शब्दवेल्हाळ: शब्द सारखा म्हणून झाडावरूनच आला असं सिद्ध होत नाही.

कृष्णाकाठ: आमच्याकडे उंबराच म्हणतात, उंबरठा शाळेत गेल्यावर कळला. गाव किती उंबऱ्याचं असं अजून विचारतात, उंबरा म्हणजे घर. मग तो शेवटचा ठा कुठून चिकटला, स्थानातला का?