गहाळ पुस्तकांची रक्कम लगेच पगारातून नको

मॅडम, तुमच्या कॉलेज ग्रंथालयाच्या पडताळणीत, म्हणजे नोंदींशी ताडून केलेल्या मोजणीत, ४० पुस्तकं सापडली नाहीत. म्हणून ग्रंथपालाकडून वसुली करा, हा तुमच्या प्रश्नावर इथे मिळालेला सल्ला मला मुळीच पटत नाही. केंद्राच्या सामान्य वित्तीय नियम २०१७ मधला नियम २१५ संस्थेला दाखवा. वर्षभरात दिलेल्या किंवा वाचनासाठी वापरलेल्या दर १,००० पुस्तकांमागे ५ गहाळ होणं वाजवी धरतात. अप्रामाणिकपणा किंवा हलगर्जी नसावी, एवढीच अट. म्हणजे १०,००० च्या वापराला ५०. मात्र १,००० रुपयांवरच्या आणि दुर्मिळ पुस्तकांची चौकशी टळत नाही.

गोम वापराच्या आकड्यात आहे. आपल्या मराठवाड्यातली बरीच मुलं पुस्तक घरी न नेता वाचनकक्षातच वाचतात, आणि त्याची नोंदच होत नाही. टेबलावरची पुस्तकं फडताळात परत लावण्याआधी रोज मोजून लिहा.

निर्लेखनाआधी, म्हणजे पुस्तकं नोंदीतून कमी करण्याआधी, विभागीय कपाटं, बुक बँक (विद्यार्थ्यांना दीर्घ मुदतीसाठी दिलेली पुस्तकं), बाइंडिंगचे गठ्ठे आणि प्राध्यापकांच्या नावावरची पुस्तकं तपासा. बारकोड स्कॅन करून बनवलेली यादी एक्सेलमध्ये उघडली की दाखल क्रमांकाआधीची (प्रत्येक पुस्तकाला नोंदवहीत दिलेल्या क्रमांकाआधीची) शून्यं गळतात, मग ००४५२ जागेवर असूनही गहाळ दिसतं. तो रकाना आधी टेक्स्ट करून घ्या. उरलेली यादी किमतीसह ग्रंथालय समितीपुढे ठेवा.