शब्दचर्चा: ‘जॉनर’ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न

चित्रपट-अभ्यासाच्या एका टिपणवहीचं मराठीत भाषांतर करते आहे. तिचे तीन भाग आहेत: चित्रपटांचं वर्गीकरण, संस्कृती आणि चिकित्सक सिद्धान्त (critical theory). मी पहिल्याच भागात अडकले आहे, कारण ‘जॉनर’ (genre) हा शब्द पानोपानी येतो. कुणी ‘जॉन्र’ लिहितं, कुणी ‘झाँर’. कुणी ‘तो जॉनर’ म्हणतं, कुणी ‘ते’. माझ्याआधी ज्यांनी थोडं काम केलं होतं त्यांनी एकदा ‘शैली’, एकदा ‘प्रकार’ आणि एकदा ‘जातकुळी’ असं लिहिलंय, तेही एकाच परिच्छेदात. कोणता शब्द धरू?

उत्तर

‘प्रकार’. साहित्यप्रकार, नाट्यप्रकार हे शब्द रुळलेलेच आहेत. त्याच चालीवर चित्रपटप्रकार. उच्चाराचा आणि लिंगाचा घोळही मिटेल.

उत्तर

‘प्रकार’ मला फार सैल वाटतो. ‘काय प्रकार आहे हा?’ असंही आपण म्हणतो. ‘जातकुळी’त वजन आहे. ‘या कथेची जातकुळीच वेगळी’ ही समीक्षेतली नेहमीची भाषा आहे. शिवाय मुळाकडे पाहा. ‘जॉनर’ हा मूळचा फ्रेंच शब्द लॅटिन ‘गेनुस’वरून आला. संस्कृत ‘जनस्’ हा त्या ‘गेनुस’चा सख्खा भाऊ, आणि आपली ‘जाति’सुद्धा त्याच ‘जन्’ धातूची. म्हणजे नातं घरचंच आहे.

उत्तर

व्युत्पत्ती बरोबर आहे, पण माझा आक्षेप नेमका तिथेच आहे. ‘जात’ म्हटलं की ती जन्माने मिळते आणि सुटत नाही, असा अर्थ आपल्या भाषेत इतका मुरलाय की ‘कुळी’ जोडली तरी तो जात नाही. चित्रपटांचं असं होत नाही. त्यांचा प्रकार पुष्कळदा मागाहून ठरतो.

एडविन पोर्टर यांचा ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’ घ्या. १९०३ सालचा, सुमारे १२ मिनिटांचा. दरोडेखोरांचा म्होरक्या थेट कॅमेऱ्यावर, म्हणजे प्रेक्षकांवर पिस्तूल रोखून गोळ्या झाडतो, ते दृश्य त्यात आहे. हे दृश्य सुरुवातीला दाखवा किंवा शेवटी जोडा, अशी मुभा खेळ लावणाऱ्यांना दिलेली होती. पुढे याला पहिल्या वेस्टर्नपटांत, म्हणजे अमेरिकेच्या पश्चिम सरहद्दीवरच्या कथांच्या चित्रपटांत गणलं गेलं. पण त्या काळच्या प्रेक्षकाने तो पाहिला गुन्ह्याचा आणि रेल्वेचा चित्रपट म्हणून. ‘वेस्टर्न’ हा शब्द तेव्हा नाम नव्हताच. आधी ‘वेस्टर्न ड्रामा’, ‘वेस्टर्न मेलोड्रामा’ असं विशेषण होतं, मग मागचं नाम गळालं आणि विशेषणच नाम झालं. आपणही ‘पौराणिक चित्रपट’ म्हणता म्हणता ‘एक पौराणिक लागलाय’ म्हणतो, तसंच. चित्रपट-अभ्यासक रिक ऑल्टमन यांनी प्रकार कसे घडतात हे सांगताना विशेषणाच्या या प्रवासावर फार भर दिला आहे, आणि मला तो मुद्दा मोलाचा वाटतो. व्याकरणात जे घडतं तेच चित्रपटगृहात घडतं.

‘फिल्म नॉयर’चं, म्हणजे अंधाऱ्या वातावरणातल्या गुन्हेगारी चित्रपटांचं तर याहून स्पष्ट आहे. युद्धामुळे फ्रान्समध्ये न पोचलेले अमेरिकन चित्रपट १९४६ साली पॅरिसमध्ये एकापाठोपाठ एक लागले, आणि नीनो फ्रँक या फ्रेंच समीक्षकाने त्यांना हे नाव दिलं. ते चित्रपट बनवणाऱ्यांना आपण ‘नॉयर’ बनवतोय याची गंधवार्ताही नव्हती. बारसं दुसऱ्या देशात झालं, तेही मूल चालायला लागल्यावर. याला जातकुळी कशी म्हणायची?

उत्तर

मग ‘शैली’ का नको? नॉयर म्हणजे खिडकीच्या पट्ट्यांची भिंतीवर पडलेली सावली, ओला रस्ता, चेहऱ्याचा अर्धाच भाग उजेडात. ही शैलीच झाली की.

उत्तर

म्हणूनच दोन शब्द वेगळे हवेत. नॉयर हा प्रकार की शैली, यावर अभ्यासकांचा वाद जुना आहे. दोन्हींना ‘शैली’ म्हटलं तर तो वाद मराठीत मांडताच येणार नाही. ‘नॉयर ही शैली आहे की शैली?’ असं वाक्य होईल.

यात मला धनंजयाचा आधार वाटतो. दहाव्या शतकातल्या त्याच्या ‘दशरूपक’ या नाट्यावरच्या संस्कृत ग्रंथात नाटक, प्रकरण, भाण, प्रहसन असे रूपकाचे, म्हणजे नाट्याचे, दहा प्रकार आहेत, आणि ते कशावरून वेगळे करायचे तेही सांगितलंय: ‘वस्तु नेता रसस्तेषां भेदकः’. कथावस्तू, नायक आणि रस. ही कसोटी वेस्टर्नला लावून बघा. वस्तू म्हणजे कायदा पोचायच्या आधीची वस्ती, नेता म्हणजे बाहेरून आलेला एकटा घोडेस्वार, रस वीर. तंतोतंत बसते. नॉयरला लावली की कोंडीत सापडलेला नायक हाती लागतो, पण ती पट्ट्यांची सावली तिन्हींच्या बाहेरच राहते. ती शैली. वाद कुठे आहे ते यावरून लख्ख दिसतं.

उत्तर

रसाचा विषय निघालाच आहे म्हणून सांगते. एकेका प्रकाराला ‘पट’ लावायची आपली सोय छान आहे: युद्धपट, चरित्रपट, रहस्यपट, संतपट, तमाशापट. शेवटचे दोन तर दुसऱ्या भाषेत नेताच येणार नाहीत. ती नावं समजायला ती संस्कृतीच माहीत हवी. पण ‘भयपट’ मला अपुरा वाटत आलाय. तत्त्वज्ञ नोएल कॅरल यांनी १९९० च्या पुस्तकात हॉररची फोड भीती अधिक किळस अशी केली. अक्राळविक्राळ प्राणी नुसता धोक्याचा असून भागत नाही, तो ओंगळही लागतो. आपल्या भाषेत हे भयानक आणि बीभत्स असे दोन रस झाले. ‘भयपट’ नावात एकच आला, दुसरा राहून गेला. शब्द बदला असं म्हणत नाही, तो रुळलाय. पण त्या प्रकरणात एक ओळ याबद्दल जरूर घाला.

प्रश्नकर्ती

घालते. ‘चित्रपटप्रकार’ आणि ‘शैली’ हे दोन वेगळे ठेवते. एका जागी मूळ मजकूर अडोर्नो आणि होर्कहायमर या जर्मन विचारवंतांच्या ‘संस्कृती-उद्योगा’कडे, म्हणजे कारखान्यातल्या मालासारखी संस्कृती तयार होते या कल्पनेकडे वळतो. तिथे ‘साचा’ लिहू का?

उत्तर

तिथे लिहा, तिथेच लिहा. एकाच ठशाचा माल निघतो, ही त्यांची तक्रारच आहे. इतरत्र ‘साचा’ लिहिलंत तर चित्रपट पाहायच्या आधीच निकाल लागेल. आणि ‘चिकित्सक सिद्धान्त’ ठेवलात हे फार बरं केलंत. ‘टीका’ म्हटलं की आता दोष काढणंच आठवतं. ‘चिकित्सा’ शब्दात तपासणंही आहे आणि उपचारही आहे, आणि होर्कहायमर यांना १९३७ च्या निबंधात समाज नुसता समजून घ्यायचा नव्हता, बदलायचाही होता.

प्रश्नकर्ती

शेवटची शंका. ‘मेलोड्रामा’ला ‘अतिनाट्य’ चालेल?

उत्तर

नको. ‘अति’ म्हणजे निकालच. शिवाय चित्रपट-अभ्यासक स्टीव्ह नील यांनी चित्रपट-व्यवसायाच्या जुन्या अमेरिकन नियतकालिकांतून दाखवून दिलंय की तिथे ‘मेलोड्रामा’ म्हणजे रडारड नव्हे, मारामारी आणि गुन्हेगारीचा थरार. आज ज्यांना नॉयर म्हणतो त्यांतल्या कित्येकांवर तेव्हा हेच लेबल होतं. ‘मेलोड्रामा’ तसाच ठेवा आणि पहिल्यांदा येईल तिथे कोणत्या काळातला अर्थ ते लिहा.