डीएनए चाचणी: संमती माझी एकटीची पुरेशी आहे का?

प्रश्न
पूर्वजांचा मागोवा घेण्यासाठी मागवलेला डीएनए चाचणीचा संच आठवडाभर टेबलावर पडून आहे. नळीत खुणेच्या रेषेपर्यंत लाळ भरून पाठवायची, एवढेच काम. पण संशोधनाच्या संमतीचा रकाना वाचताना हात थबकला. माझ्या धाकट्या भावाला अशी चाचणी मुळीच नको आहे. सख्ख्या भावंडांचा साधारण निम्मा डीएनए सारखा असतो, मग त्याला न विचारता तो कंपनीच्या हवाली करण्याचा मला अधिकार आहे का?

उत्तर 1
शंका अगदी रास्त आहे. 2023 मध्ये हल्लेखोरांनी इतरत्र फुटलेले पासवर्ड वापरून ‘ट्वेंटीथ्री अँड मी’ या डीएनए चाचणी करणाऱ्या अमेरिकी कंपनीच्या ग्राहकांच्या सुमारे 14,000 खात्यांत शिरकाव केला आणि नातेवाईक शोधून देणाऱ्या सुविधेमार्फत जवळपास 69 लाख लोकांची माहिती मिळवली, म्हणजे स्वतःचे खाते नीट जपणारेही, कोणाचे तरी दूरचे नातलग असल्यामुळे, त्यात सापडले. मार्च 2025 मध्ये याच कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला, तेव्हा दीड कोटींच्या आसपास ग्राहकांची माहिती विक्रीला निघाली. ती अखेर संस्थापिकेच्याच ना-नफा संस्थेकडे गेली, तरी लाळ देताना हा प्रसंग कोणत्या ग्राहकाने गृहीत धरला होता?

उत्तर 2
मला याची दुसरी बाजूही मोलाची वाटते. कॅलिफोर्नियात अनेक खून आणि बलात्कार करणारा गुन्हेगार 2018 मध्ये पकडला गेला, तो दूरच्या नातलगांच्या डीएनएवरून माग काढल्यामुळे, आणि पीडितांना मिळालेला न्याय मी कमी लेखणार नाही. मात्र त्या नातलगांनी माहिती दिली होती ती वंशावळीसाठी. या शोधात वापरलेल्या ‘जीईडीमॅच’ या वंशावळीच्या संकेतस्थळाने पोलिसांच्या शोधासाठी वेगळी संमती घ्यायला सुरुवात केली ती 2019 मध्ये, म्हणजे नंतर.

उत्तर 3
चाचणी केलीच, तर संशोधनाची संमती देऊ नका, नातेवाईक शोधण्याची सुविधा बंद ठेवा आणि नमुना नष्ट करण्यास लेखी सांगा. पूर्ण झालेल्या संशोधनातून माहिती सहसा परत घेता येत नाही. कायद्यावरही फार विसंबू नका: अमेरिकेचा 2008 चा जनुकीय भेदभावविरोधी कायदा नोकरी आणि आरोग्यविम्यापुरता आहे, आयुर्विमा त्यात येत नाही.

प्रश्नकर्ती
सर्वांचे आभार. काल भावाशी बोलले. तो म्हणाला, “आपल्या घराण्यात कोणता आजार आहे, हे मला कळायला नको आहे, आणि ते कोणाच्या यादीतही नको आहे.” नळी अजून कोरीच आहे; ती तशीच राहील.