निळूभाऊंना नकलेपलीकडे कुठे पाहावे?

प्रश्न : नवी प्रेक्षक

माझ्या पिढीपर्यंत निळू फुले पोहोचले ते गॅदरिंगमधल्या नकलांमधून. कोणीतरी आवाज घोगरा करतो, मान तिरकी करून ‘बाई...’ म्हणतो आणि सभागृह हसते. गेल्या आठवड्यात वडिलांबरोबर ‘सारांश’ पाहिला. त्यातला गजानन चित्रे हा पुढारी पडद्यावर आला तेव्हा मात्र मला हसू येईना. हा नट घडला कसा आणि त्याचे नेमके काय पाहावे, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

उत्तर : कलापथकातला

चित्रपटांकडे वळण्यापूर्वी वगाकडे, म्हणजे तमाशातल्या नाट्यभागाकडे, पाहावे लागेल. तरुणपणी निळूभाऊ पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत माळीकाम करीत आणि उरलेला वेळ राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकाला देत. १९५७ च्या निवडणुकीच्या सुमारास त्यांनी ‘येरागबाळ्याचे काम नोहे’ हा वग लिहिला, पुढे पु. ल. देशपांड्यांच्या ‘पुढारी पाहिजे’मधला रोंगे आणि शंकर पाटलांचे ‘कथा अकलेच्या कांद्याची’ यांनी त्यांचे नाव केले. वगात संवाद कागदावर असतात तेवढेच नसतात. समोरचा सोंगाड्या आज काय बोलेल याचा नेम नसल्यामुळे त्याचे वाक्य शेवटच्या शब्दापर्यंत ऐकावे लागते आणि मगच उत्तर टाकावे लागते. ही ऐकण्याची सवय निळूभाऊंनी पडद्यावरही सोडली नाही. १९६८ मध्ये अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’मधला झेलेअण्णा गाजला, आणि त्यानंतर पाटील, सरपंच, सावकार यांची रांगच लागली. त्यातल्या बऱ्याच भूमिका एकाच साच्याच्या होत्या, हेही मान्य केले पाहिजे.

उत्तर : तिसरी घंटा

साच्याबद्दल सहमत आहे, पण त्याच साच्यातून ‘सामना’मधला हिंदुराव धोंडे पाटील निघाला, हे विसरू नये. विजय तेंडुलकरांचे लेखन, जब्बार पटेलांचे दिग्दर्शन आणि समोर मास्तरच्या भूमिकेत डॉ. श्रीराम लागू, असा तो चित्रपट १९७५ च्या बर्लिन महोत्सवात दाखवला गेला. हिंदुराव हा साखर कारखानदार आहे. सारा गाव त्याच्या शब्दात असल्यामुळे त्याला आवाज चढवण्याची गरजच पडत नाही. दारूत बुडालेल्या, कफल्लक मास्तराला तो घरी ठेवून घेतो, खाऊ-पिऊ घालतो, आणि हा पाहुणा गावातून नाहीशा झालेल्या मारुती कांबळेविषयी विचारू लागतो तेव्हा त्याच्या आदरातिथ्यात बोचरेपणा येतो. नकला करणारे घोगरेपणा उचलतात. दोन शब्दांमधली ती सैल, बेफिकीर फट त्यांना उचलता येत नाही, आणि दहशत तर तिच्यातच आहे.

त्याआधी १९७२ मध्ये कमलाकर सारंगांनी बसवलेल्या तेंडुलकरांच्याच ‘सखाराम बाइंडर’ या नाटकात निळूभाऊ सखाराम होते. नाटकांच्या परिनिरीक्षण (सेन्सॉर) मंडळाशी झालेल्या वादामुळे ते प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले. टाकलेल्या बायकांना घरी आणणारा, त्यांच्यावर हुकमत गाजवणारा आणि तरीही मृदंग घेऊन बसणारा हा माणूस नुसता खलनायक म्हणून उभा केला असता, तर नाटक पहिल्या अंकातच संपले असते.

उत्तर : बातमीदार

माझे मत थोडे वेगळे आहे. निळूभाऊंना पारखायचे असेल तर जिथे त्यांच्या हाती सत्ता नाही, तिथे पारखावे. अरुण साधूंच्या कादंबऱ्यांवर आधारलेल्या ‘सिंहासन’मध्ये (१९७९) ते दिगू टिपणीस हे पत्रकार आहेत. मुख्यमंत्री अरुण सरनाईक, अर्थमंत्री डॉ. लागू, हे सारे डाव टाकतात आणि दिगू पाहत राहतो. जवळजवळ संपूर्ण भूमिका दुसऱ्याचे ऐकून घेण्याची आहे, आणि म्हणूनच शेवटी त्याचा तोल जाऊन तो हसत सुटतो, ते हसणे अंगावर येते. झेलेअण्णा आणि दिगू हा एकच माणूस आहे, यावर माझ्या मुलाचा आजही विश्वास बसत नाही. वगाविषयी वर जे लिहिले आहे, त्याचा पुरावा मला तरी इथेच सापडतो.

नवी प्रेक्षक

सर्वांचे मनापासून आभार. ‘सामना’चे नाव काढताच वडिलांनी वर्तमानपत्र खाली ठेवले आणि सांगितले की त्यांच्या कचेरीत एखादी फाईल गहाळ झाली, की सगळे एकमेकांना गंभीर चेहऱ्याने विचारत, “मारुती कांबळेचं काय झालं?” रविवारी आम्ही दोघे तो पाहणार आहोत, ‘सिंहासन’ त्यानंतर.